'किड ए' मधली गिटार कुठे गेली?

रेडिओहेड या ब्रिटिश रॉक बँडचा 'ओके कंप्युटर' हा अल्बम आवडला, पण त्यानंतरचा 'किड ए' लावल्यावर बँडने गिटारच सोडली असं वाटलं, आता पुढे काय ऐकू, असा प्रश्न आहे.

गिटार सुटलेली नाही. बदलली ती गाणं रचायची रीत, आणि सुरुवात 'ओके कंप्युटर' (१९९७) मध्येच झाली होती. 'द बेंड्स' (१९९५) मुख्यतः पाच जणांनी मिळून वाजवलेल्या गिटार-रॉकचा अल्बम आहे. त्यानंतर 'एअरबॅग'चे ड्रम्स ऐका. ड्रमर फिल सेलवेच्या वादनातला काही सेकंदांचा तुकडा सॅम्पलरमध्ये (आवाजाचे तुकडे साठवून पुन्हा वाजवणाऱ्या यंत्रात) कापून त्याचा लूप, म्हणजे पुन्हा पुन्हा वाजणारा तुकडा, केलाय, म्हणून ठेका माणसाचा असूनही अडखळतो. कॉलिन ग्रीनवुडचा बेसही मध्येच गप्प होतो.

'किड ए' (२०००) मध्ये ही कात्री सगळ्यांवर चालली. 'ट्रीफिंगर्स' निव्वळ सिंथेसायझर वाटतं, पण ते एड ओब्रायनच्या गिटारचे आवाज सॅम्पल करून बनवलंय! 'इडिओटेक' मध्ये बँडच्याच जॉनी ग्रीनवुडच्या लांबलचक ध्वनिमुद्रणातला छोटासा भाग गायक थॉम यॉर्कने उचलला, आणि त्यात पॉल लान्स्कीच्या १९७३च्या संगणक-रचनेतले कॉर्ड्स आहेत. 'एव्हरीथिंग इन इट्स राइट प्लेस' ऐकताना दहा मात्रा मोजा. झपतालाची विभागणी मात्र शोधू नका, तशी बसणार नाही.

फोनच्या स्पीकरवर ऐकलंत तर 'द नॅशनल अँथम'चा बेस जवळजवळ नाहीसा होतो आणि उरतो नुसता ब्रासचा (ट्रम्पेटसारख्या पितळी वाद्यांचा) कल्लोळ. हेडफोन लावा, शफल बंद ठेवा.

क्रम म्हणाल तर आधी 'इन रेनबोज' (२००७). '१५ स्टेप' पाच मात्रांत, यांत्रिक ठेक्यावर सुरू होतं आणि मग गिटार येते. दोन्ही रीती तिथे एकत्र नांदतात, माझ्या मते सगळ्यात सुंदर तिथेच. मग पुन्हा 'किड ए', आणि त्याच सत्रांतून निघालेला 'अ‍ॅम्नेसियाक' (२००१).

'द किंग ऑफ लिंब्ज' (२०११) लूप्सवर उभा असल्यामुळे अनेकांना कोरडा वाटतो. तसं झालं तर त्याचं 'फ्रॉम द बेसमेंट' हे स्टुडिओत थेट वाजवलेलं सत्र बघा. क्लाइव्ह डीमर हा दुसरा ड्रमर बसला की तेच लूप्स श्वास घेतात.

'ट्रू लव्ह वेट्स' शेवटी ठेवा. २००१च्या लाइव्ह मुद्रणात यॉर्क अकूस्टिक गिटारवर गातो. 'अ मून शेप्ड पूल' (२०१६) मध्ये गिटारची जागा एकावर एक चढवलेल्या पियानोच्या थरांनी घेतलीय. दोन्ही पाठोपाठ ऐका.