यजमान फील्डमध्ये, कुटुंब पुण्यात : घरभाडे भत्त्याचा अंदाज कसा काढावा?

नमस्कार ताई. तुमचे यजमान हवालदार आहेत, त्यांची बदली देवळालीहून जम्मू-काश्मीरमधल्या फील्ड भागात झाली आहे आणि क्वार्टर सोडावे लागणार आहे. मुलांच्या शाळेसाठी पुण्यात भाड्याने घर घ्यावे की सातारा तालुक्यातल्या सासरच्या घरी राहावे, हे ठरवण्याआधी घरभाडे भत्ता, म्हणजे एचआरए, किती मिळेल याचा अंदाज तुम्हाला हवा आहे. 'पुण्यात पगाराच्या ३० टक्के मिळतात' असे कोणीतरी सांगितल्यामुळे तुम्ही महिन्याला २०,००० रुपये धरून घर पाहायला सुरुवात केली आहे. मी पायदळाच्या एका पलटणीत क्लर्क म्हणून सेवा करून निवृत्त झालो. या भत्त्याची कागदपत्रे तिथे रोजच हाताखालून जात, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

तो २०,००० चा आकडा कृपया आधी बाजूला ठेवा, कारण त्यावर विसंबून भाडेकरार केला तर दर महिन्याला ओढाताण होईल. ३० टक्के हा दर खरा आहे, पण तो एकूण पगारावर नसून फक्त मूळ वेतनावर आहे. पे स्लिपवर जमेच्या बाजूला 'बेसिक पे' अशी जी ओळ असते तेवढीच रक्कम घ्यायची. तिच्याखाली येणारे लष्करी सेवा वेतन, म्हणजे एमएसपी, यात धरत नाहीत, आणि महागाई भत्ताही धरत नाहीत. एमएसपीवर महागाई भत्ता मिळतो, म्हणून ते घरभाड्यातही धरले जाईल असे पुष्कळांना वाटते, परंतु २०१७ च्या आदेशांमध्ये एचआरएसाठी मूळ वेतन म्हणजे वेतन तक्त्यातील वेतन, त्यात एमएसपी नाही, असे स्पष्ट म्हटले आहे.

तुम्ही यजमानांचे मूळ वेतन ३७,००० रुपये लिहिले आहे. तुमचा हिशेब बहुधा असा झाला असावा : ३७,००० मूळ वेतन, ५,२०० एमएसपी, आणि या दोन्हींच्या बेरजेवर जुलै २०२५ पासूनच्या ५८ टक्के दराने २४,४७६ रुपये महागाई भत्ता, एकूण ६६,६७६, आणि त्याचे ३० टक्के म्हणजे २०,००० च्या थोडे वर. प्रत्यक्षात मात्र ३७,००० चे ३० टक्के, म्हणजे ११,१०० रुपये मिळतील. सातारा तालुक्यातल्या गावी राहिलात तर दर १० टक्के, म्हणजे ३,७०० रुपये.

हे दर शहराच्या वर्गावरून ठरतात. २०११ च्या जनगणनेनुसार ५० लाख किंवा त्याहून अधिक लोकसंख्येची शहरे एक्स वर्गात, ५ ते ५० लाखांची वाय वर्गात आणि बाकी सगळा देश, खेडीपाडी धरून, झेड वर्गात येतो. सध्या एक्सला ३० टक्के, वायला २० आणि झेडला १० टक्के असा दर आहे. महाराष्ट्रात एक्स वर्गात मुंबई आणि पुणे ही दोनच शहरे आहेत. नागपूर, नाशिक, छत्रपती संभाजीनगर, सोलापूर, कोल्हापूर, सांगली, अमरावती, नांदेड, मालेगाव, भिवंडी आणि वसई-विरार ही वाय वर्गात आहेत. सातारा शहर झेडमध्येच मोडते, जरी लष्करात माणसे देण्यात हा जिल्हा कोणाला हार जाणारा नसला तरी. येथे शहर म्हणजे केवळ महापालिकेची हद्द नव्हे, तर जनगणनेतला नागरी समूह धरतात. म्हणून पिंपरी-चिंचवड, खडकी आणि देहूरोड छावणी येथे राहिलात तरी पुण्याचाच दर लागतो, आणि मिरजेला सांगलीचा. मुंबईच्या उत्तरेला मात्र ही रेषा कडक आहे : मीरा-भाईंदर मुंबईच्या समूहात असल्यामुळे ३० टक्के, आणि खाडी ओलांडून वसई-विरारला गेलात की २० टक्के. गोव्यात एकही शहर लोकसंख्येच्या निकषात बसत नाही, तरी विशेष आदेशाने तिथे वाय वर्गाचा दर दिला जातो. बेळगावही वायमध्ये आहे. घर नक्की करण्यापूर्वी ते कोणत्या हद्दीत येते हे एकदा पाहून घ्या, कारण पुण्याच्या आसपासच्या ज्या नव्या वसाहती ग्रामपंचायतीत आहेत, तिथे पत्ता 'पुणे' असला तरी ३० टक्क्यांचा दर गृहीत धरता येत नाही.

यजमान काश्मीरमध्ये असताना पुण्याचा दर कसा, असेही तुम्ही विचारले आहे. फील्ड भागात कुटुंब नेता येत नाही, त्यामुळे अशा नेमणुकीच्या काळात कुटुंबासाठी निवडलेले राहण्याचे ठिकाण नोंदवण्याची सोय आहे. कार्यालयात त्याला 'एसपीआर' म्हणतात. ते ठिकाण ज्या वर्गात, त्या वर्गाचा दर मिळतो. पीस स्टेशनवर, म्हणजे कुटुंबासह राहता येते अशा ठाण्यावर, असताना क्वार्टर मिळाले नाही तर साधारणपणे त्या स्टेशनचा दर लागतो. सरकारी क्वार्टर ताब्यात असेल तर भत्ता मिळत नाही, आणि तुम्हाला सध्या तो मिळत नाही याचे कारण हेच. भाड्याने राहता की स्वतःच्या घरात, यावर मात्र भत्त्याची पात्रता अवलंबून नाही. सासरच्या घरी राहिलात तरी झेड वर्गाचा भत्ता मिळेल, पण राहायचे गावी आणि नोंद पुण्याची करायची, असे कोणी सुचवले तर ऐकू नका. ती खोटी घोषणा ठरते, उघड झाल्यावर सगळी रक्कम वसूल होते आणि यजमानांच्या सेवेच्या नोंदीवर डाग पडतो.

आता तारखांकडे वळू या, कारण माझ्या पाहण्यात कुटुंबांची खरी अडचण दरापेक्षा तारखांनी होते. भत्ता सुरू होतो तो पलटणीने 'पार्ट टू ऑर्डर', म्हणजे जवानाच्या नेमणूक, कुटुंब वगैरे बाबींतील बदलांची अधिकृत नोंद, प्रसिद्ध करून वेतन लेखा कार्यालयाला कळवल्यानंतर. क्वार्टर सोडताना 'मार्चिंग आउट' होते, त्या वेळी एमईएसचा, म्हणजे लष्करी इमारतींची देखभाल करणाऱ्या अभियांत्रिकी सेवेचा, माणूस यादी घेऊन येतो आणि पंखे, ट्यूबलाइट, कपाटांच्या कड्या, नळाच्या तोट्या असे एकेक मोजतो. जे तुटलेले किंवा हरवलेले असेल त्याची किंमत लावली जाते, विजेचे बिल चुकते करून घेतले जाते, आणि मग घर सोडल्याचा दाखला मिळतो. त्या दाखल्यावरची तारीख हाच तुमच्या भत्त्याचा पाया आहे, कारण तिच्या आदल्या दिवसापर्यंत क्वार्टर तुमच्या नावावर असते. सामान ट्रकमध्ये भरून तुम्ही महिन्याच्या पाच तारखेला गेलात आणि मार्चिंग आउट वीस तारखेला झाले, तर मधल्या पंधरा दिवसांचे पुण्याचे भाडे पूर्णपणे तुमच्या खिशातून जाईल. यजमान फील्डमध्ये गेल्यावर ठरावीक मुदतीपर्यंत जुने क्वार्टर ठेवण्याची मुभा मिळू शकते. शाळेचे वर्ष संपेपर्यंत ती घेणे पुष्कळदा शहाणपणाचे असते, फक्त त्या काळात भत्ता नाही हे हिशेबात धरा, आणि मुदतीपलीकडे एक दिवसही राहू नका, कारण त्यानंतर लागणारे दंडाचे भाडे जबर असते.

दाखल्याची एक प्रत स्वतःजवळ ठेवा, एक यजमानांकडे द्या, आणि नव्या पलटणीत हजर झाल्यावर पहिल्याच आठवड्यात त्यांनी कंपनी क्लर्ककडे कुटुंबाचा पत्ता, राहण्याचे ठिकाण आणि हा दाखला दिला आहे ना, हे विचारा. पार्ट टू ऑर्डरला उशीर झाला तर भत्ता बुडत नाही, मागच्या तारखेपासून थकबाकी मिळते. पण घरमालक थकबाकीची वाट पाहत नाही, म्हणून पहिल्या तीन महिन्यांचे भाडे आणि अनामत रक्कम भत्त्याशिवाय भागेल एवढी तजवीज करूनच पुण्यात पाऊल ठेवा.

मूळ प्रश्न पुणे की गाव हा आहे, आणि त्याचे उत्तर काढताना तीस टक्के आणि दहा टक्के यांची तुलना करून चालत नाही. समजा, शाळेजवळ १६,००० रुपयांत घर मिळाले. भत्ता ११,१००, म्हणजे ४,९०० रुपये पदरचे. गावी राहिलात तर भाडे शून्य आणि ३,७०० रुपये हातात. म्हणजे पुण्यात राहण्याची खरी किंमत दोन्ही मिळून महिन्याला ८,६०० रुपये, वर्षाला १,०३,२०० रुपये, आणि यात सोसायटीचा खर्च, शाळेची बस किंवा अनामत रकमेत अडकलेले पैसे धरलेले नाहीत. ही रक्कम मुलांच्या शाळेसाठी खर्च करण्याजोगी आहे की नाही, हे तुम्ही दोघांनी ठरवायचे आहे. माझे मत विचाराल तर मोठा मुलगा दहावीच्या उंबरठ्यावर असताना ती खर्च करावी, पण घर १४,००० च्या आत शोधावे, मग ते शाळेपासून थोडे लांब असले तरी चालेल. कोल्हापूर किंवा सांगलीत आप्त असतील तर त्याही पर्यायाचा विचार करा. तिथे भत्ता ७,४०० रुपये मिळेल आणि भाडी पुण्यापेक्षा बरीच सौम्य आहेत.

एचआरएने पूर्ण भाडे भागावे अशी या भत्त्याची रचनाच नाही, हे मनात पक्के असू द्या. इंटरनेटवर लष्करी घरभाडे भत्त्याची जी गणनपत्रके सापडतात त्यांपैकी बरीचशी अमेरिकेची आहेत आणि तिथली पद्धत सर्वस्वी वेगळी आहे. तिथे नेमणुकीच्या ठिकाणची भाडी व वीज-पाण्याचा खर्च पाहून, हुद्दा आणि अवलंबून असणारे कुटुंब आहे की नाही यानुसार रक्कम दरवर्षी ठरते, आणि २०१९ पासून सरासरी घरखर्चाच्या सुमारे ९५ टक्के भार सरकार उचलते. आपल्याकडे पुण्यातले भाडे दुप्पट झाले तरी भत्ता मूळ वेतनाच्याच गतीने वाढतो. मला स्वतःला तिकडची पद्धत अधिक न्याय्य वाटते, विशेषतः ज्याला घर कोठे असावे हे निवडण्याचे स्वातंत्र्यच नाही त्याच्यासाठी.

ती गती किती, हेही पाहू. पुढच्या वार्षिक वेतनवाढीत ३७,००० चे ३८,१०० होतील आणि पुण्याचा भत्ता ११,४३० होईल, म्हणजे वर्षात ३३० रुपयांची वाढ. नायब सुभेदारपदी बढती मिळाली तर मूळ वेतन ३८,७०० वर बसेल आणि भत्ता ११,६१० होईल. हुद्दा न बदलता एमएसीपीमुळेही, म्हणजे ठरावीक वर्षांच्या सेवेनंतर वरचा वेतनस्तर देणाऱ्या योजनेमुळेही, वेतनाचा स्तर वाढतो, म्हणून अंदाज नेहमी खांद्यावरच्या फितीवरून नव्हे, तर पे स्लिपवरच्या बेसिकवरून काढावा. टक्केवारीचे दर मात्र क्वचित बदलतात. १ जुलै २०१७ पासून ते २४, १६ आणि ८ टक्के होते, महागाई भत्ता २५ टक्क्यांपुढे गेल्यावर जुलै २०२१ पासून २७, १८ आणि ९ झाले, आणि तो ५० टक्क्यांवर पोचताच १ जानेवारी २०२४ पासून ३०, २० आणि १० झाले. आता महागाई भत्ता कितीही चढला तरी या आदेशानुसार पुढची पायरी नाही. न्यायमूर्ती रंजना प्रकाश देसाई यांच्या अध्यक्षतेखाली आठवा वेतन आयोग नोव्हेंबर २०२५ मध्ये स्थापन झाला आहे, पण त्याच्या भरवशावर आज मोठे घर घेऊ नका. सातव्या आयोगानंतर मूळ वेतन वाढले तेव्हा घरभाड्याची टक्केवारी ३० वरून २४ वर उतरली होती.

प्राप्तिकराविषयी थोडक्यात : एचआरएवरची सूट फक्त जुन्या करप्रणालीत आणि प्रत्यक्ष भाडे भरत असाल तरच मिळते. यजमान नव्या प्रणालीत असतील, आणि न कळवल्यास तीच लागू होते, तर भाड्याच्या पावत्यांनी कर कमी होणार नाही. जुन्या प्रणालीत असतील तर भाडेकरार त्यांच्या नावे करा, भाडे त्यांच्या खात्यातून पाठवा, आणि वर्षाचे भाडे १ लाखाच्या वर जाणार असल्यामुळे घरमालकाचा पॅन आधीच मागून घ्या. करार नोंदणीकृतच हवा. महाराष्ट्रात ते कायद्याने बंधनकारक आहे. त्यात भाडेकरूने एक महिन्याची सूचना देऊन घर सोडण्याचे कलम घालून घ्या, म्हणजे यजमानांची पुन्हा पीस स्टेशनवर बदली होऊन क्वार्टर मिळाले तर अनामत रक्कम अडकणार नाही.

शेवटी तुमच्या भाच्याबद्दल. तो अग्निवीर आहे आणि त्याला वेतन तक्ता लागू नाही. त्याला पहिल्या वर्षी महिन्याला ३०,००० रुपयांचे एकत्रित मानधन आहे, त्यातले ३० टक्के सेवा निधीत जातात आणि हातात २१,००० येतात. चौथ्या वर्षी हे मानधन ४०,००० होते आणि हातात २८,००० मिळतात. याशिवाय जोखीम, रेशन, गणवेश आणि प्रवास यांसाठीचे भत्ते नियमानुसार मिळतात, पण घरभाडे भत्ता त्यात नाही, त्यामुळे त्याच्या आईने गावातल्या खोलीच्या भाड्यासाठी तो धरला असेल तर तेवढे तिला आजच सांगा.