समान इरादा की समाईक इरादा?

सोलापुरात विधी शाखेत शिकणाऱ्या एका विद्यार्थिनीने विचारले आहे, की खुनाच्या खटल्यातील अपिलाचा निकाल मराठीत थोडक्यात मांडताना, सहआरोपींविरुद्ध भारतीय दंड संहितेच्या कलम 34 खाली (अनेकांनी मिळून केलेल्या कृत्यासाठी प्रत्येकाला जबाबदार धरणारे कलम) जे 'कॉमन इंटेन्शन' सिद्ध करावे लागते त्याला 'समान हेतू' म्हणावे, 'समान इरादा' म्हणावे, की फिर्यादीत आढळते तसे 'संगनमत' म्हणावे. माझ्या मते या तिन्हींपेक्षा 'समाईक इरादा' हा शब्दप्रयोग अधिक नेमका आहे, आणि त्याचे कारण आपल्या शेतीच्या भाषेतच सापडते.

मंगळवेढ्याच्या किंवा करमाळ्याच्या दोन शेतकऱ्यांच्या विहिरी साठ-साठ फूट खोल असतील, तर त्या खोलीने समान आहेत. पण दोन भावांची मिळून एकच विहीर असेल, तर ती समाईक. समान विहिरी दोन असतात, समाईक विहीर एकच असते आणि तिच्या पाण्याच्या पाळ्या आपसांत ठरवाव्या लागतात. सातबाऱ्यावर 'सामाईक क्षेत्र' लिहिले जाते ते याच अर्थाने. ('सामायिक' हे रूपही चालते; मात्र जैन घरांत त्या शब्दाचा पहिला अर्थ 48 मिनिटांची समभावाची साधना हा आहे, म्हणून मी 'समाईक' पसंत करतो.)

हा भेद केवळ शब्दांचा नाही. महबूब शाह खटल्यात 1945 मध्ये प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे ब्रिटिश काळातील लंडनच्या सर्वोच्च अपील न्यायपीठाने, निकाल दिला तो याच भेदावर. सिंधू नदीच्या काठी बोरू तोडण्यावरून भांडण झाले, एकाला मार बसला, त्याची हाक ऐकून दोघे बंदुका घेऊन धावले. एकाच्या गोळीने समोरचा माणूस ठार झाला, तर दुसऱ्याच्या, म्हणजे महबूब शाहच्या, गोळीने दुसरा एक जण किरकोळ जखमी झाला. आपल्या माणसाला सोडवण्याचा इरादा दोघांच्याही मनात होता, म्हणजे तो समान होता. परंतु खून करण्याचे दोघांचे आपसांत ठरले होते असे पुराव्यातून दिसत नव्हते, म्हणजे तो समाईक नव्हता. महबूब शाह खुनाच्या आरोपातून सुटला. हा निकाल सांगताना 'समान इरादा सिद्ध झाला नाही' असे लिहिले, तर वाक्य निकालाच्या नेमके उलट जाते.

याच्या दुसऱ्या टोकाला बरेंद्रकुमार घोष खटला आहे. 1923 मध्ये कोलकात्यातील एका टपाल कार्यालयात पोस्टमास्तरचा खून झाला. आपण केवळ बाहेर उभे होतो, असे या आरोपीचे म्हणणे होते, तरीही शिक्षा कायम राहिली, कारण बाहेर उभे राहणे हाही ठरलेल्या कामाचाच वाटा होता.

'हेतू' मी टाळतो, कारण मराठीत 'खुनाचा हेतू' म्हटले की खून का केला, हे मनात येते: बांधाचा वाद, जुने वैर. तो हेतू सगळ्या भावकीचा एक असू शकतो आणि तरीही मारण्याचा इरादा त्यांतल्या एकाचाच असू शकतो. 'संगनमत' या शब्दात आधी बसून खलबत केल्याची छटा आहे. वास्तविक सर्वोच्च न्यायालयाने पांडुरंग विरुद्ध हैदराबाद राज्य या निकालात मान्य केले आहे, की असे ठरणे ऐनवेळी, जागेवरही होऊ शकते, फक्त ते कृत्यापूर्वी झालेले असले पाहिजे. मूळ 1860 च्या कलमात इराद्याचा उल्लेखच नव्हता. तो 1870 च्या दुरुस्तीने आला. 1 जुलै 2024 पासून ही तरतूद भारतीय न्याय संहितेच्या कलम 3(5) मध्ये आहे. पाच किंवा अधिक जणांच्या बेकायदेशीर जमावाचे 'समाईक उद्दिष्ट' ही मात्र वेगळी गोष्ट आहे, तिथे आधी ठरलेले असणे आवश्यक नसते. म्हणून 'उद्देश' हा शब्द दोन्हींकडे वापरू नये.

आता ज्या मुद्द्यासाठी मी हे उत्तर मुद्दाम सविस्तर लिहीत आहे, तो मुद्दा. समजा, साक्षीदार सांगतो, की एक आरोपी बाकीच्यांना म्हणाला, "आज आपण याला सोडायचं नाही." मराठीतील हा 'आपण' ऐकणाऱ्यांनाही सामावून घेतो, तोच आरोपी मृताला "आम्ही तुला सोडणार नाही" म्हणाला असता, तर 'आम्ही'त ऐकणारा आला नसता. इंग्रजी भाषांतरात दोन्हींचे एकच सर्वनाम होते. सोलापूरचे अपील ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरच्या सर्किट बेंचपुढे जाते आणि उच्च न्यायालयाचे काम इंग्रजीत चालते, त्यामुळे मूळ मराठी जबाबातील हे सर्वनाम वकिलाने वाचून दाखवल्याशिवाय पुढे पोहोचत नाही. अर्थात एकाने 'आपण' म्हटल्याने इतरांची संमती सिद्ध होत नाही. ते सोबत आले का, हत्यारे आणली का, कोणी धरून ठेवले का, हे पाहावेच लागते.

आपल्या शहरात यात आणखी एक पदर आहे. पूर्व भागातील तेलुगूभाषक साक्षीदार 'मनम' आणि 'मेमु' असा हाच भेद करतो, पण कन्नड बोलणाऱ्याचा 'नावु' दोन्ही अर्थांनी येतो. त्याचा जबाब मराठीत उतरवताना 'आपण' लिहायचे की 'आम्ही', हे लिहिणाऱ्याने स्वतः ठरवू नये. ते त्या साक्षीदारालाच विचारून घ्यावे.