वाचक विचारतात : चित्रं काढून टाकली कुणी, झाकली कुणी?

प्रश्न : इस्तंबूलच्या आया सोफियावरचा (मूळचं चर्च, नंतर मशीद) कार्यक्रम टीव्हीवर पाहिला. येशू-मेरीची चित्रं ख्रिस्ती सम्राटांनीच काढून टाकली, असं सांगून निवेदक पुढे गेले. हे खरं का? पडद्यावर त्याच्या खुणा ओळखता येतात का?
– एक वाचक, मिरज

उत्तर : खरं आहे. बायझंटाइन साम्राज्यात (इस्तंबूल ही तेव्हा त्याची राजधानी) येशू-संतांची चित्रं असावीत की नाही, हा वाद दोनदा पेटला : आठव्या शतकात, ७८७ पर्यंत आणि मग ८१५ ते ८४३. ७५४ साली हिएरियाच्या परिषदेत ३३८ बिशपांनी चित्रांविरुद्ध कौल दिला. येशू देवही आणि माणूसही. चित्रात उतरतो तो नुसता माणूस, असा त्यांचा आक्षेप. ७८७ च्या निकाया परिषदेने उत्तर दिलं : आराधना फक्त देवाची, चित्राला केवळ वंदन, आणि ते चित्रातल्या व्यक्तीला पोचतं.

खुणा शोधताना फोडलेली भिंत शोधू नका, क्रूस शोधा. इस्तंबूलमधलंच आया इरिनी हे चर्च ७४० च्या भूकंपानंतर पुन्हा बांधलं, तेव्हा वेदीमागच्या अर्धघुमटात सोनेरी पार्श्वभूमीवर फक्त क्रूस रेखला. तो आजही आहे. आया सोफियाच्या वरच्या मजल्यावरच्या एका दालनात रंगीत खडे जडवून केलेले (मोझेक) संतांचे चेहरे होते. तिथले खडे उपटून, नवा गिलावा भरून क्रूस बसवले आणि खालची नावंही काढून टाकली. कॅमेरा तिथे गेला तर चित्र थांबवा आणि क्रूसाच्या खालची जागा पाहा. आजूबाजूच्या खड्यांच्या ओळी सरळ चालत येतात आणि नावाच्या जागी मोडतात. ठिगळ कळतं ते तिथे. अर्थात समोरून एकसारखा झगझगीत प्रकाश टाकला असेल, तर सोनं सपाट दिसतं आणि सांधा हरवतो; बाजूने येणाऱ्या उजेडातलं दृश्य निवडा.

आया सोफियाच्या अर्धघुमटातली मेरी ‘वाचलेली’ म्हणून दाखवली, तर ती चूक समजा. तिचं अनावरण ८६७ सालचं, म्हणजे वाद मिटल्यानंतरचं. दुसरी गफलत चुन्याची. ऑटोमन तुर्कांच्या काळात चित्रांवर गिलावा चढला तो वेगळ्या कारणाने, इमारत मशीद झाल्यामुळे, आणि त्याखाली बरीच चित्रं टिकली. १८४७-४९ च्या दुरुस्तीत फोसाती बंधू या वास्तुविशारदांना ती सापडली. हे दोन प्रसंग एका वाक्यात कोंबणं हा अशा कार्यक्रमांचा सर्वांत मोठा दोष आहे.

मॉस्कोतल्या ख्लुदोव स्तोत्रग्रंथातलं (नवव्या शतकातलं सचित्र हस्तलिखित), काठीला बांधलेल्या स्पंजाने येशूचं चित्र पुसणाऱ्याचं दृश्यही बहुधा दाखवतात. ते प्रभावी आहे, पण जिंकलेल्या, म्हणजे चित्रांच्या बाजूच्या, पक्षाने काढलेलं आहे. हरलेल्यांचं लिखाण मुख्यतः विरोधकांनी खोडून काढण्यासाठी उद्धृत केलं, तेवढंच उरलं.

प्रश्न : मग वादाच्या आधीची चित्रं उरलीच नाहीत का?

उत्तर : उरली आहेत. सर्वांत मोलाची सिनाईच्या सेंट कॅथरिन मठात. तिथला सहाव्या शतकातला येशू मेणात रंग कालवून लाकडी फळीवर रंगवलेला आहे. वादाच्या काळात सिनाईवर मुस्लिम राज्य होतं, त्यामुळे सम्राटाचा हुकूम तिथे चालत नव्हता.