शेणव्यांचा डोंगर कसा झाला?

प्रश्न : आमच्या जुन्या घराचा 1938 सालचा पोर्तुगीज दस्त सापडला. मोबाइलवर भाषांतर केले, तर पणजोबांच्या आडनावाचा चक्क डोंगर झाला! सीमा कळत नाहीत, सर्व्हे नंबर तर कुठेच नाही. — एक वाचक, डिचोली

उत्तर : तो डोंगर म्हणजे शेणवी. पोर्तुगीज कागदांत शेणव्यांचे 'सिनाय' होते आणि ॲपला बायबलमधला पर्वत तेवढा ठाऊक. त्याला नावे देऊच नका, स्वतः मोठ्याने वाचा. एक्स दिसला की 'श' म्हणा. शंकर, शेट लगेच सापडतील. बाकीचे साखळी गावाच्या इंग्रजी पाटीवरच (Sanquelim) दिसेल : मधले क्यू-यू म्हणजे क, शेवटचा एम म्हणजे नुसता नाकातला सूर. त्याच सुरात कामतांचे 'कामोतीं' होतात. प्रभूंचे 'पोरोबो' मात्र सवयीनेच ओळखू येतात.

सीमांसाठी चार शब्द पुरेत : नासेंत पूर्व, पोएंत पश्चिम, नोर्त उत्तर, सूल दक्षिण. पुढे लगतच्या मालकाचे नाव असते. त्याआधी 'एर्देइरुश' असेल तर जमीन त्याच्या वारसांची. हा शब्द नजरेतून निसटला की मेलेल्या माणसाला शेजारी धरून शोध सुरू होतो.

सर्व्हे नंबर नसणारच, ती मोजणी गोवा मुक्तीनंतरची. दस्तात 'देस्क्रिसांव' हा नोंदणी कचेरीतला क्रमांक आणि 'मात्रीझ' हा कराचा क्रमांक शोधा. एक-चौदाच्या, म्हणजे गोव्यातल्या सात-बाराच्या, उताऱ्यावरच्या नंबराशी त्यांची जुळणी करत बसू नका. जुळवायच्या त्या सीमा आणि शेजाऱ्यांची नावे.

कोर्टकचेरीसाठी मात्र पोर्तुगीज जाणणाऱ्याकडूनच सही-शिक्क्याचे भाषांतर घ्या. त्यात नावे मूळ स्पेलिंगातच ठेवायला सांगा, आजचे रूप कंसात. भाषांतरकाराने हौसेने 'सिनाय'चे 'शेणवी' करून टाकले, तर मूळ दस्ताशी धागाच तुटतो. दोन्ही नावांची व्यक्ती एकच, असे प्रतिज्ञापत्रही बहुधा लागते. मसुदा वकिलाकडून करून घ्या.

प्रश्न : मामलेदार कचेरीत मराठीत अर्ज चालेल का? — एक वाचक, पेडणे

उत्तर : चालेल. 1987 च्या कायद्याने कोकणी राजभाषा झाली, तरी सरकारी कामात मराठीच्या वापराचीही त्यात तरतूद आहे. फक्त नाव आणि नंबर उताऱ्यावर आहेत तसेच, तिथल्या चुकांसकट उतरवा. दुरुस्तीचा अर्ज वेगळा.