खोलीत एकटाच बोलतो, हसायला कोणी नाही

सोलापूरहून एका आईचं पत्र आलंय. मुलगा बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला. रोज रात्री दार लावून मोबाईलसमोर मुंबईच्या लोकलवर विनोद करतो, स्टँड-अप, म्हणजे मंचावर एकट्यानं उभं राहून विनोद, करणार म्हणतो. आजीला वाटतं, कुणाची तरी नजर लागली. आई विचारते, ‘समोर माणूस नाही, मग याला करिअर म्हणायचं का?’

ताई, नमस्कार.

आजींना सांगा, पोरगं ठणठणीत आहे. मार्च २०२० मध्ये सगळं बंद झालं तेव्हा अमेरिकेत टीव्हीवरचे विनोदवीर स्टीफन कोल्बर्ट यांनी घरच्या बाथटबमध्ये बसून कार्यक्रम केला होता. पण हशा कुठे येतो, हे त्यांना प्रेक्षकांसमोरच्या इतक्या वर्षांत अंगवळणी पडलेलं. तुमच्या मुलाला ते अजून कमवायचंय. एकट्यापेक्षा चारचौघांत माणूस सुमारे ३० पट जास्त हसतो, असं रॉबर्ट प्रोव्हाइन या मानसशास्त्रज्ञाला आढळलं होतं. त्यामुळे भिंतीसमोर कुठला विनोद चालला नि कुठला पडला, ते कळायचंच नाही.

घरी बसूनच त्यानं व्हिडिओ कॉलवर सहा-सात जण जमवावेत. जिवलग मित्र नकोत, ते उगाच हसतात. मित्रांचे मित्र चालतील. सगळ्यांचे माइक चालू हवेत आणि आवाज गाळणारी सेटिंग बंद, नाहीतर ॲप हसणंच दाबून टाकतं. हशा कानावर यायला जरा उशीर होतो, तेव्हा पंचनंतर, म्हणजे हसवणाऱ्या शेवटच्या वाक्यानंतर, थांबावं. नवी पोरं घाबरून पुढचं वाक्य रेटतात. मग रेकॉर्डिंग ऐकत, हशा आला तिथे कागदावर खूण करावी. अशी पाच मिनिटं पक्की होऊ द्या, ओपन माइकला, म्हणजे नवख्यांनाही मंच देणाऱ्या कार्यक्रमात, साधारण तेवढीच मिळतात. तोवर यूट्यूबवर काही टाकू नये. एकदा ऐकलेला विनोद लोक दुसऱ्यांदा तसा हसत नाहीत.

आणि मुंबईची लोकल कशाला? सोलापूरच्या पूर्व भागातलं तेलुगू, बाजारातलं कन्नड, कट्ट्यावरचं ‘काय बे’ ऐकत वाढलेल्या पोरानं?

बी.कॉम. सोडायचं नाही, यावर मी ठाम आहे. सुरुवातीला बहुतेक ठिकाणी मानधन नसतं, पुढेही कमाई एकसारखी येत नाही. सूत्रसंचालन, रेडिओ, जाहिरातलेखन इथे मात्र हीच लेखणी चालते. विद्यापीठाच्या युवा महोत्सवात नकला, प्रहसन असतं. कॉलेजात नाव द्यायला सांगा, खरे प्रेक्षक तिथेच भेटतील. पुण्याच्या ओपन माइकचा विचार त्यानंतर.

तुम्ही मात्र त्याच्या कॉलवर बसू नका. आईसमोर निम्मे विनोद तो गिळून टाकेल.