बॉयलर फुटला, पण हॉस्पिटलच्या कागदावर 'घरी वाफ लागली'. आता भरपाई मिळेल का?

ताई, तुमचं पत्र आणि सोबतचे कागद नीट वाचले. थोडक्यात तुमचं म्हणणं असं की गोव्यातल्या सत्तरी तालुक्यातल्या एका काजू फॅक्टरीत नोव्हेंबर 2024 मध्ये बेबी (छोटा) बॉयलर फुटला, त्यात तुमच्या मिस्टरांचे दोन्ही हात आणि छाती भाजली, डाव्या कानाचा पडदा फाटला, आणि खासगी हॉस्पिटलच्या डिस्चार्ज कार्डवर कोड पडलाय एक्स13.0. तो दाखवून मालक म्हणतो की हे घरचं भाजणं आहे, माझा काही संबंध नाही, तरी माणुसकी म्हणून पन्नास हजार देतो, स्टॅम्पपेपरवर सही करा.

पहिली गोष्ट, ती सही करू नका. कामगाराने भरपाईचा हक्क सोडल्याचा कुठलाही करार 1923 च्या कर्मचारी भरपाई कायद्याच्या कलम 17 प्रमाणे रद्दबातल असतो, त्यामुळे सही झाली असती तरी हक्क गेला नसता, पण उगाच केसमध्ये एक अडथळा उभा राहतो.

आता त्या कोडचं बघू, कारण तुमची खरी भीती तीच आहे. हे आयसीडी-10 चे, म्हणजे आजार आणि जखमांच्या आंतरराष्ट्रीय यादीतले कोड. जखम कुठली याचे वेगळे आणि जखम कशाने झाली याचे वेगळे. मनगट-हात भाजले की टी23, शरीराचा किती टक्के भाग भाजला त्याला टी31, हे आगीने भाजलं काय किंवा वाफेने, तेच राहतात. कारणाचा कोड मात्र बदलतो. एक्स13 म्हणजे वाफेचा किंवा गरम बाष्पाचा संपर्क, आणि पॉइंटनंतरचा आकडा जागा सांगतो, 0 म्हणजे घर, 6 म्हणजे कारखाना किंवा बांधकामाची जागा. बॉयलर फुटून झालेल्या इजेला स्वतंत्र कोड आहे, डब्ल्यू35, म्हणजे तुमच्या केसमध्ये डब्ल्यू35.6 यायला हवा होता. फाटलेल्या पडद्याचा एस09.2 तर कार्डवर कुठेच नाही, आणि माझ्या मते ही चूक जास्त महागाची आहे, कारण नुसती वाफ लागली तर कानाचा पडदा सहसा फाटत नाही, तो स्फोटाच्या दाबाने फाटतो. म्हणजे तो कान हाच स्फोटाचा पुरावा आहे.

कोड टाकणारा माणूस पेशंटला बघत नाही, डॉक्टरांनी हिस्टरीत, म्हणजे काय घडलं त्या नोंदीत, जे लिहिलंय त्यावरून टाकतो. तुम्हीच लिहिलंय की सुपरवायझरने अ‍ॅडमिट करताना 'वाफेने भाजलंय' एवढंच सांगितलं. त्यामुळे आधी हिस्टरी दुरुस्त करून घ्यायची, कोड त्यामागून येईल. मेडिकल सुपरिंटेंडंटना लेखी अर्ज द्या, पूर्ण इनडोअर पेपर, नर्सिंग नोट्स, कानाची तपासणी आणि एमएलसीची (पोलिसांना कळवायच्या केसची) नोंद झाली असेल तर तिचीही कॉपी मागा, पेशंटने मागितल्यावर 72 तासांत रेकॉर्ड द्यायचं असा डॉक्टरांच्या 2002 च्या नियमावलीत नियम आहे. तीन वर्षांनंतर रेकॉर्ड ठेवायचं बंधन राहत नाही, म्हणून आत्ताच मागा. जुन्या कागदावर खाडाखोड करायला सांगू नका आणि स्वतः तर पेनसुद्धा लावू नका. तारीख आणि सहीसकट वेगळी पुरवणी नोंद द्या असं म्हणा.

एक गोष्ट मिस्टरांना शांतपणे विचारा, नक्की काय फुटलं? बॉयलरच, की काजू वाफवायचा कुकर, की मधला स्टीम पाइप? पाइपाचा कोड डब्ल्यू37 आणि दाबाखालच्या दुसऱ्या भांड्याचा डब्ल्यू38 होतो. जे झालं तेच लिहा, कारण विरुद्ध वकील पहिला प्रश्न हाच विचारेल.

पण हॉस्पिटलने दुरुस्ती नाकारली तरी केस मरत नाही. कोड हा हिशेबासाठी असतो, अपघात कुठे झाला हे भरपाईचा निवाडा करणारा कमिशनर साक्षीपुराव्यावर ठरवतो. बॉयलर फुटला तर 24 तासांत बॉयलर इन्स्पेक्टरला लेखी कळवायचं बंधन मालकावर तेव्हाच्या बॉयलर कायद्यातच होतं, आणि 'आमचा छोटा आहे' ही सबब 25 लिटरपेक्षा कमी क्षमतेच्या किंवा अगदी कमी दाबाच्या बॉयलरलाच चालते. पणजीला आल्तिनोवर कारखाने व बॉयलर निरीक्षणालय आहे, तिथे दहा रुपये भरून आरटीआय टाका, रिपोर्ट आला असेल तर कॉपी मागा, आला नसेल तर तसं लेखी उत्तर घ्या, तेही मालकाच्या विरोधातच जातं. सोबतच्या कामगारांचे जबाब, त्या दिवशीचं हजेरी रजिस्टर, फोनवरचे फोटो, सगळं जमवा.

फॅक्टरीत आठच कामगार, म्हणजे ईएसआय (सरकारी कामगार विमा) लागू नाही, म्हणून अर्ज कर्मचारी भरपाई आयुक्तांकडे, म्हणजे त्या कमिशनरकडेच, पणजीला पाटोवरच्या श्रमशक्ती भवनात चौकशी करा. 21 नोव्हेंबर 2025 पासून नवा सामाजिक सुरक्षा कोड (हा कायदा आहे, हॉस्पिटलचा कोड नव्हे) आलाय, पण तुमचा अपघात त्याआधीचा, हक्क त्याच दिवशी तयार झाला, म्हणून जुनाच कायदा. मुदत दोन वर्षं, म्हणजे नोव्हेंबर 2026 च्या आत अर्ज आत गेलाच पाहिजे.

रकमेचा अंदाज देतो. पगार 14,000, त्याचे 60 टक्के 8,400, वय 40 ला कायद्याच्या तक्त्यातला गुणांक 184.17, गुणाकार 15,47,028. कमाईची क्षमता जितके टक्के गेली तितका त्यातला हिस्सा, 30 टक्के धरले तरी 4,64,108 होतात. त्यावर 12 टक्के व्याज, विनाकारण टाळाटाळ केल्याचा निम्म्यापर्यंत दंड आणि उपचाराचा खर्च वेगळा. टक्के ठरवताना नुसता हात किती वाकतो ते बघू देऊ नका. 1975 मध्ये सुप्रीम कोर्टाने डावा हात गेलेल्या सुताराला, तो सुतारकाम करूच शकत नाही म्हणून, शंभर टक्के अपंगत्व मानलं होतं. मिस्टर बॉयलरवर काम करायचे, आखडलेल्या बोटांनी व्हॉल्व्ह फिरवता येत नाही आणि एका कानाने कमी ऐकू येतं, हे गोमेकॉच्या (गोवा मेडिकल कॉलेजच्या) प्लास्टिक सर्जरी आणि ईएनटीच्या डॉक्टरांकडून स्पष्ट शब्दांत लिहून घ्या.

वकिलाच्या फीची काळजी करू नका. औद्योगिक कामगाराला विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट न लावता. तिथे जाताना डिस्चार्ज कार्डाची मूळ प्रत स्वतःकडे ठेवा, झेरॉक्सच द्या.