गर्भाशयाच्या ऑपरेशनमध्ये मूत्रनलिकेला इजा : दावा कशावर उभा राहील?

प्रश्न : मी कागल तालुक्यातली, वय ४४. गाठींमुळे कोल्हापुरातल्या एका खासगी दवाखान्यात गर्भाशय काढलं. चौथ्या दिवसापासून डाव्या कुशीत कळा, ताप. घरी आल्यावर लघवी सतत झिरपायची. दाखवायला गेले की डॉक्टर म्हणायचे, 'अशक्तपणा आहे, होईल कमी.' तीन आठवड्यांनी दुसरीकडे सीटी केला, डाव्या मूत्रनलिकेला इजा निघाली, पुन्हा ऑपरेशन झालं. याला १४ महिने झाले. पहिला दवाखाना म्हणतो, संमतीपत्रावर तुमची सही आहे. दीर म्हणतात, पोलिसात जाऊ.

उत्तर : ताई, आधी कडू ते सांगतो. नलिकेला इजा झाली, एवढ्यावर निष्काळजीपणा सिद्ध होत नाही. किडनीतून मूत्राशयात लघवी नेणारी ही नलिका गर्भाशयाच्या रक्तवाहिनीच्या अगदी खालून जाते. गाठी मोठ्या असल्या किंवा आधी सिझेरियन झालेलं असलं, तर कसलेल्या हातूनही ती दुखावू शकते. समोरचे वकील पहिल्यांदा हेच म्हणणार. म्हणू देत.

तुम्ही बोट ठेवायचं ते नंतरच्या तीन आठवड्यांवर. गर्भाशय काढलेल्या बाईला कुशीत दुखतंय, ताप आहे, लघवी झिरपतेय, म्हटल्यावर सोनोग्राफी, सीटी करून यूरॉलॉजिस्टला, म्हणजे मूत्रविकारांच्या तज्ज्ञाला, दाखवायला हवं होतं. उशीर होईल तशी किडनीही धोक्यात येते. सही केलीत ती ऑपरेशनच्या धोक्याला. तक्रार करूनही तपासलं नाही, त्याला नव्हे. शिवाय सही कधी घेतली, कागद इंग्रजीत होता का, कुणी वाचून दाखवला का, हे आठवेल तसं लिहून ठेवा. पुरेशी माहिती देऊन घेतलेली संमतीच खरी, असं सर्वोच्च न्यायालयानं समीरा कोहली खटल्यात २००८ साली सांगितलंय.

आता कागद. संपूर्ण केसपेपरसाठी लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. वैद्यकीय परिषदेच्या २००२ च्या नियमांनुसार ७२ तासांत नकला द्यायला हव्यात. ऑपरेशन नोट आणि डिस्चार्ज कार्ड तर हवंच, पण नर्सचा चार्ट विसरू नका. डॉक्टरांच्या नोंदीत 'तब्येत ठीक' आणि नर्सच्या कागदावर त्याच रात्री ताप, असं सापडलं तर अर्धी लढाई तिथंच. डिस्चार्जनंतर दाखवायला गेलात त्या तारखा, मेडिकलची बिलं, व्हॉट्सॲपवरचे मेसेज, सगळं जपा. दुसरं ऑपरेशन करणाऱ्या डॉक्टरांकडून इजा काय होती आणि ती कधी ओळखता आली असती, एवढंच लेखी मागा. 'पहिल्या डॉक्टरांची चूक' असं लिहून द्या म्हणालात, तर ते हात आखडता घेतील.

तक्रार कोल्हापूरच्या जिल्हा ग्राहक आयोगात करता येईल. मुदत दोन वर्षांची. ती ऑपरेशनच्या तारखेपासूनच धरून चाला, म्हणजे वाद नको. दवाखान्याला दिलेली रक्कम पाच लाखांपर्यंत असेल तर फीसुद्धा लागत नाही. भरपाईत दुसऱ्या ऑपरेशनचा खर्च, बुडालेली मजुरी किंवा पगार आणि सोसलेला त्रास, तिन्ही मागा.

पोलिसात मात्र इतक्यात नको. सर्वोच्च न्यायालयाच्या जेकब मॅथ्यू निकालानंतर (२००५) डॉक्टरवर फौजदारी खटल्याला घोर निष्काळजीपणा लागतो, आणि पोलिसांनाही आधी त्या विषयातल्या तज्ज्ञाचं मत घ्यावं लागतं. तुमच्या हकिगतीत तसा घोर निष्काळजीपणा दिसत नाही. दिरांना एवढी हौस असेल तर अर्ज घेऊन आधी दवाखान्यात पाठवा, पोच घेतल्याशिवाय परत येऊ नका म्हणावं.